सोलापूरच्या फाशीच्या वेळचा गव्हर्नर

मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, श्रीकृष्ण सारडा आणि जगन्नाथ शिंदे यांना १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्याच्या तुरुंगात फाशी देण्यात आली, हे सोलापुरात वाढलेल्या कोणालाही सांगावे लागत नाही. मात्र त्या दिवशी मुंबई इलाख्याचा गव्हर्नर कोण होता, असे विचारले तर चांगल्या वाचकांनाही नाव आठवत नाही. ‘इंग्रज सरकार’ एवढ्यावर आपले समाधान होते. मला ही सवय घातक वाटते, कारण सरकार म्हणजे अखेर सही करणारी माणसे असतात आणि त्या माणसांना स्वतःची बुद्धी, स्वतःचा भूतकाळ आणि निर्णयाची मुभाही असते. त्या गव्हर्नरांचे नाव सर फ्रेडरिक साइक्स.

साइक्स सामान्य कुवतीचे गृहस्थ नव्हते. १८७७ साली जन्मलेला हा तरुण बोअर युद्धात साधा घोडेस्वार म्हणून भरती झाला, शत्रूच्या हाती सापडला, सुटला, पुढे अधिकारी झाला आणि छातीत गोळी लागूनही वाचला. क्वेट्ट्याच्या स्टाफ कॉलेजात त्याचे शिक्षण झाले, म्हणजे हिंदुस्थान त्याला अगदीच अपरिचित नव्हता. लष्करातले बहुतेक वरिष्ठ विमानाकडे खेळणे म्हणून पाहत होते, त्या काळात, १९११ मध्ये, साइक्स यांनी वैमानिकाचा परवाना मिळवला आणि पुढच्याच वर्षी नव्या रॉयल फ्लाइंग कोअरच्या लष्करी विभागाची उभारणी त्यांच्याकडे आली. माणसे कुठून आणायची, यंत्रे कशी निवडायची, दुरुस्तीची व्यवस्था काय, या सगळ्याची घडी त्यांनी बसवली. एप्रिल १९१८ मध्ये, रॉयल एअर फोर्सची स्थापना होऊन दोन आठवडेही झाले नव्हते तोच, ट्रेंचर्ड यांच्या जागी ते हवाई दलाचे प्रमुख झाले. युद्ध संपल्यावर त्यांनी साम्राज्यभर पसरलेल्या मोठ्या हवाई दलाचा आराखडा मांडला, पण खर्चाला कंटाळलेल्या लंडनला तो झेपणारा नव्हता. चर्चिल यांनी ट्रेंचर्ड यांना परत आणले आणि साइक्स यांच्याकडे नागरी विमानवाहतूक सोपवली. तिथेही पैसा मिळेना म्हणून १९२२ मध्ये ते बाहेर पडले आणि त्याच वर्षी शेफिल्डच्या हॅलम मतदारसंघातून हुजूर पक्षाचे खासदार झाले. त्याच सुमारास पंतप्रधान झालेले बोनार लॉ हे त्यांचे सासरे.

डिसेंबर १९२८ मध्ये ते मुंबईला आले. गिरण्यांचा सहा महिन्यांचा संप नुकताच मिटला होता, दोनच महिन्यांत शहरात भीषण दंगल उसळली, मार्चमध्ये मीरतच्या कम्युनिस्ट कटाच्या खटल्यासाठी कामगार पुढाऱ्यांची धरपकड झाली आणि वर्षभराने मिठाचा सत्याग्रह सुरू झाला. इतक्या अवघड काळात मुंबईच्या खुर्चीवर बसलेले गव्हर्नर फार थोडे असतील, हे त्यांच्या बाजूने नोंदवलेच पाहिजे.

त्यांच्या सरकारची कार्यपद्धती पाहायची असेल तर ५ मे १९३० ची रात्र पाहावी. दांडीजवळच्या कराडीच्या छावणीत मध्यरात्रीनंतर पोलीस आले, गांधीजींना झोपेतून उठवले, आगगाडीने बोरिवलीपर्यंत आणले आणि तिथून पडदे लावलेल्या मोटारीतून येरवड्याला नेले. मुंबईच्या स्टेशनवर गर्दी जमू नये, पुणे स्टेशनवर कोणाला सुगावा लागू नये, याची पुरेपूर काळजी घेतलेली होती. कायदा काढला तो १८२७ सालचा, म्हणजे एल्फिन्स्टनच्या काळातला, ज्यात खटला चालवण्याचीच गरज नव्हती. लष्करी अधिकाऱ्याला शोभेल अशीच ही आखणी, कुठेही चूक नाही. परंतु अटकेची बातमी पसरताच सोलापूरच्या गिरण्या बंद पडल्या आणि ८ मे रोजी गोळीबार झाला, त्यात शंकर शिवदारे हा तरुण पडला. चिडलेल्या जमावाच्या हातून पोलीसही मारले गेले. १२ मे रोजी लष्करी कायदा पुकारला गेला आणि तो जूनअखेरपर्यंत टिकला.

त्यानंतरचा प्रश्न मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. चौघांवर खटला चालला, शिक्षा झाली, अपिले फेटाळली गेली, हे न्यायालयाचे काम झाले असे म्हणता येईल. पण फाशीची जन्मठेप करण्याचा अधिकार प्रांतिक सरकारलाही होता, आणि तो वापरला गेला नाही. शिक्षा अमलात आल्यानंतर दोन महिन्यांच्या आत, ५ मार्चला, गांधी-आयर्विन करार झाला. म्हणजे तडजोडीचे वारे वाहू लागले होते त्याच दिवसांत हे चार गळफास आवळले गेले. याची जबाबदारी साइक्स यांच्या सरकारवर येते आणि ‘वरून हुकूम होता’ असे सांगून ती झटकता येत नाही.

२२ जुलै १९३१ रोजी फर्ग्युसन कॉलेजात वासुदेव बळवंत गोगटे यांनी हॉटसनवर गोळी झाडली ती सोलापूरचा सूड म्हणून. हॉटसन तेव्हा हंगामी गव्हर्नर होते, कारण साइक्स रजेवर विलायतेला गेले होते. सोलापूरच्या वेळी गृहखाते हॉटसन यांच्याकडे होते, त्यामुळे गोगट्यांचा रोख समजण्यासारखा आहे. पण या घटनेमुळे मराठी स्मरणात हॉटसन राहिले आणि खरे गव्हर्नर पुसले गेले.

साइक्स यांच्याबद्दल मला जी खंत वाटते ती इथे सांगतो. १५ ऑक्टोबर १९३२ रोजी जे. आर. डी. टाटा टपालाच्या पिशव्या घेऊन कराचीहून निघाले आणि अहमदाबादमार्गे जुहूला उतरले. सिंध तेव्हा मुंबई इलाख्यातच होता, त्यामुळे या उड्डाणाची दोन्ही टोके साइक्स यांच्याच अमलाखाली होती. ज्या नागरी विमानसेवेसाठी त्यांनी लंडनमध्ये पैशांकरिता भांडून पद सोडले होते, ती त्यांच्या इलाख्यात एका हिंदी तरुणाने स्वतःच्या हिमतीवर सुरू केली. नव्या यंत्राचे भविष्य इतरांच्या आधी ओळखणाऱ्या या माणसाला नव्या राष्ट्राचे भविष्य ओळखता येऊ नये, हे मला त्यांच्या आयुष्यातले मोठे अपयश वाटते. जाता जाता, १९३३ मध्ये, त्यांनी गावसुधारणेची योजना हाती घेतली आणि तिच्यामागे कळकळही होती. पण गावेच्या गावे सत्याग्रहात उतरलेली असताना ती कलेक्टरमार्फत सुधारण्याचा तो प्रयत्न होता.

पुढे १९४० ते १९४५ ते पुन्हा खासदार होते, या वेळी नॉटिंगहॅमचे, आणि १९५४ मध्ये वारले. हवाई दलाच्या इतिहासात त्यांचे नाव येते ते बहुधा ट्रेंचर्ड यांच्याशी असलेल्या वैरापुरते. मराठीत मात्र त्यांच्या पाच वर्षांवर स्वतंत्र अभ्यास व्हायला हवा, आणि पुढच्या जानेवारीत चार हुतात्म्यांवर लिहिताना गव्हर्नर, गृहखात्याचे सदस्य आणि व्हाइसरॉय अशी तिन्ही नावे लिहिली जावीत, एवढे माझे मागणे आहे.