एकशे सात कोटी रंगांचा काळोख

सिनेमाच्या फायलीचं नाव वाचून होईपर्यंत सिनेमा बघायची निम्मी हौस फिटते. आधी चित्रपटाचं नाव, मग साल, आणि मग टिंबाटिंबांनी जोडलेली मालगाडी: १०८०पी, वेब-डीएल, एक्स२६५, १० बिट, ५.१. मला एवढंच हवं असतं की नायिकेचा चेहरा नीट दिसावा आणि नायक काय पुटपुटतो ते कळावं. त्याबद्दल त्या नावात अवाक्षर नसतं.

माझा भाचा या विद्येत पारंगत. त्यानं सांगितलं, १०८० ही चित्राची उंची, ठिपक्यांत मोजलेली, रुंदी १९२०. बरं. मग ४के म्हणजे उंची चार हजार? छे! इथं मोजायची रुंदी, आणि तीही ३८४०. उंची २१६०च. थिएटरातला ४के मात्र ४०९६ भरतो. ही मापं ज्यांनी ठरवली त्यांच्याकडे मी सदरा शिवायला टाकणार नाही.

१० बिटचं मला फार कौतुक होतं. ८ बिटमध्ये लाल, हिरव्या, निळ्याच्या प्रत्येकी २५६ छटा. १० बिटमध्ये १०२४. गुणाकार केला तर १०७ कोटींवर रंग! आम्ही लावलेला सिनेमा पहिल्यापासून शेवटपर्यंत एका तळघरात घडत होता.

खरी गोम बिटरेटची, म्हणजे सेकंदाला किती माहिती खर्ची पडते त्याची, आणि नेमकी तीच बहुतेक नावांत नसते. दोन तासांचा ४के सिनेमा ९०० एमबीत कोंबला असेल, तर सेकंदाला जेमतेम एक मेगाबिट वाट्याला येतो. मग आभाळाचे पट्टे होतात आणि पळणाऱ्या माणसाचे चौकोन. लेबल मात्र ४केच, आणि ते खोटंही नाही.

आवाजाकडे वळू. ५.१ म्हणजे पाच स्पीकर आणि एक फक्त घुमण्यासाठी. संवाद बहुतेक मधल्या स्पीकरचे. घरात स्पीकर दोनच असले की सगळे त्यांत दाटीवाटीनं शिरतात. संवाद दबतात, स्फोट दबत नाहीत. प्रेमाची कबुली ऐकायला आवाज वाढवावा, तेवढ्यात पूल उडतो. रिमोट हातातून खाली ठेवायची सोय नाही.

त्यातही आमचा टीव्ही जुना. एक्स२६५ म्हणजे चित्र आवळून साठवायची नवी रीत. तिची फाइल लावली की आवाज येतो, पडदा काळा. त्याच सिनेमाची जुन्या रीतीची, एक्स२६४वाली आणली तर चित्र लख्ख, पण आवाज डीटीएस नावाच्या रीतीनं साठवलेला. तो टीव्हीला उलगडत नाही, म्हणून सगळे मुके.

"मामा, दोन्ही एकदम लावू," भाचा म्हणाला. "एकीचं बघायचं, दुसरीचं ऐकायचं."

मी हसलो. तो हसला नाही. दोन्ही एकाच क्षणी सुरू व्हाव्यात म्हणून एक-दोन-तीन म्हणायला तो तयार आहे. दुसरा टीव्ही तेवढा मी आणायचा आहे.