साठ टक्के महाग, म्हणून साठ टक्के जास्त पगार? एका प्रतिक्रियेला उत्तर

महाग शहरात बदली किंवा नवी नोकरी घेताना पगाराची अपेक्षा कशी ठरवावी, यावरच्या माझ्या लेखाला आलेली तुमची प्रतिक्रिया तीनदा वाचली. पहिल्यांदा राग आला, दुसऱ्यांदा कमी आला आणि तिसऱ्यांदा कागद-पेन घेऊन बसले. प्रतिक्रियेच्या चौकटीत मावणार नाही म्हणून उत्तर इथे स्वतंत्र लिहितेय.

ज्यांनी ती वाचली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. तुमचं म्हणणं असं: ‘तुम्ही लोकांना अंथरूण पाहून पाय पसरायला सांगता आणि अंथरूण लहान का दिलं हे कंपनीला विचारत नाही. राहणीखर्चाच्या इंडेक्सनुसार (निर्देशांकानुसार) नवं शहर ६० टक्के महाग असेल तर ६० टक्क्यांखालची प्रत्येक ऑफर ही पगारकपातच आहे. त्यापेक्षा कमीत भागतं, हे तुमचं वाक्य चांगल्या पगाराच्या माणसाचं आहे.’ शेवटी तुम्ही लिहिलंत की तुमच्या हातात ३० टक्के वाढीची ऑफर आहे आणि शुक्रवारपर्यंत उत्तर द्यायचं आहे.

शेवटच्या आरोपापासून सुरू करते, कारण तिथे तुम्ही बरोबर आहात.

हातात येणारा पगार १०० धरू. एका घरात त्यातले २५ भाड्याला जातात, ३० रोजच्या खर्चाला (खाणंपिणं, प्रवास, घरकामाची मदत), १५ अशा गोष्टींना ज्यांची किंमत सगळीकडे साधारण सारखीच असते (फोन, कपडे, ऑनलाइन खरेदी), १५ हप्ते आणि घरी पाठवायचे पैसे, उरलेले १५ बचत. आता समजा नव्या शहरात भाडं अडीचपट आहे आणि रोजचा खर्च ३० टक्क्यांनी जास्त. भाडं ६२.५, रोजचा खर्च ३९, बाकीचे ४५ जागच्या जागी. बेरीज १४६.५. म्हणजे या घराला ६० नाही, साडेशेहेचाळीस टक्के वाढ पुरते, तीही बचतीला हात न लावता. ‘कमीत भागतं’ लिहिताना माझ्या डोळ्यांसमोर हेच घर होतं. खरं सांगायचं तर ते माझंच होतं.

आता दुसरं घर घ्या. पगार लहान, म्हणून भाड्यालाच ४० जातात. रोजचा खर्च ३५, सगळीकडे सारख्या किमतीच्या वस्तू १०, घरी पाठवायचे १०, बचत जेमतेम ५. तेच शहर, तेच भाव. भाडं १००, रोजचा खर्च ४५.५, बाकी २५. बेरीज १७०.५. इथे ६० टक्के वाढसुद्धा कमी पडते.

म्हणजे तुमचा ६० चा आकडा या दोन्ही घरांचा नाही. तो मधल्या कुणाचा तरी आहे, जो बहुधा अस्तित्वातच नाही. यात नवीन काही नाही. बर्लिनमधले संख्याशास्त्रज्ञ हेर्मान श्वाबे यांनी १८६८ सालीच दाखवलं होतं की उत्पन्न जितकं कमी, तितका भाड्याचा वाटा जास्त. भाडंच सर्वांत जास्त फुगत असेल, तर लहान पगाराच्या माणसाला महाग शहरात जाताना टक्केवारीत जास्त वाढ लागते. बाजारात बहुतेक वेळा उलटं घडतं: ज्याला घासाघीस करता येते त्याला वाढही जास्त मिळते आणि रिलोकेशनचे पैसेही. माझ्या लेखात हा मुद्दा नव्हता. असायला हवा होता.

पण म्हणून ‘६० टक्के मिळालेच पाहिजेत’ हे मला पटत नाही, आणि त्याचं कारण कंपनीची वकिली हे नाही.

आधी त्या इंडेक्सबद्दल. मर्सरसारख्या सल्लागार संस्थांच्या, शहरांच्या महागाईच्या याद्या न्यूयॉर्क आधार धरून बनतात, आणि त्यांचा मूळ उपयोग कंपनीनं परदेशी पाठवलेल्या माणसांचे भत्ते ठरवण्याचा आहे. त्यातली टोपली, म्हणजे ज्यांचे भाव मोजले त्या वस्तू-सेवांची यादी, त्या माणसाची, तुमची नाही. नंबिओ या वेबसाइटवरचे भाव वापरकर्त्यांनी भरलेले असतात, आणि तिथला राहणीमान-खर्चाचा मुख्य आकडा भाडं वगळून काढलेला असतो. भाड्याचा वेगळा असतो. तुम्ही पाहिलेला ६० भाड्यासकट होता की भाड्याविना? भाड्याविना असेल तर तुमची अडचण तुम्हाला वाटते त्यापेक्षा मोठी आहे.

दुसरं, असे निर्देशांक ‘आहे तसंच जगणार’ असं गृहीत धरतात. अर्थशास्त्रज्ञ एतिएन लास्पेयर यांनी १८७१ मध्ये मांडलेलं सूत्र आजही वापरात आहे: जुनी टोपली घ्या, नव्या भावानं मोजा. पण माणूस टोपली बदलतो. घर लहान घेतो, गाडी विकतो, बाहेर जेवणं कमी करतो. तेवढ्याच समाधानासाठी खरोखर किती पैसे लागतात हा वेगळा प्रश्न आहे, असं अर्थशास्त्रज्ञ अलेक्झांडर कोन्युस यांनी १९२४ मध्ये मांडलं, आणि ते उत्तर लास्पेयरच्या आकड्यापेक्षा जास्त येत नाही. माझा लेख नकळत याच बाजूचा होता.

फक्त इथेही एक मेख आहे, आणि ती तुम्ही पकडली असतीत तर मी निरुत्तर झाले असते. लांबचं स्वस्त घर घेतलं तर तो खर्च संपत नाही, दुसऱ्या खात्यात जातो. जाता-येता एकेक तास वाढला तर दिवसाला दोन, महिन्याच्या २२ दिवसांना ४४ तास. म्हणजे एका अख्ख्या कामाच्या आठवड्याहून जास्त वेळ तुम्ही घरमालकाऐवजी रस्त्याला देता. हे ४४ तास कुठल्याच ऑफर लेटरमध्ये छापलेले नसतात.

आता मुख्य मतभेदाकडे येते. तुमचं गृहीतक असं की शहर महाग आहे, म्हणून कंपनीनं त्याची भरपाई करावी. मीही एकदा याच समजुतीनं एचआरसमोर बसले होते. भाडं, प्रवास, डिपॉझिट, सगळ्याचा तक्ता करून नेला होता, रंग भरून. समोरच्या बाईंनी तो शांतपणे पाहिला आणि विचारलं, ‘तुमचं घरभाडं मी आमच्या पगाराच्या बँडमध्ये कुठे बसवू?’ त्यात कुचेष्टा नव्हती. खरंच तसा रकानाच नव्हता. मला तेव्हा जे मिळालं ते तक्त्यामुळे नाही. माझ्यासारखं काम करणारा माणूस त्या शहरात किती मागतो, हे त्यांना माहीत होतं आणि मला नव्हतं. वर्षभरानं शेजारच्या टेबलावरच्या सहकाऱ्याकडून कळलं की तो माझ्याहून बऱ्याच जास्त पगारावर आला होता. त्यानं कसलाही तक्ता नेला नव्हता, फक्त दुसऱ्या कंपनीची ऑफर नेली होती. (तो तक्ता अजून माझ्याकडे आहे. रंग छान जमलेत.)

ही माझ्या एकटीची गोष्ट नाही. गिटलॅब ही आपलं पगाराचं सूत्र उघड मांडणारी कंपनी. तिनं स्पष्ट म्हटलंय की ठिकाणानुसार पगार बदलतो तो तिथल्या राहणीच्या खर्चामुळे नाही, तिथे त्या कामाला मिळणाऱ्या बाजारभावामुळे. मे २०२० मध्ये फेसबुकनं घरून कायमचं काम करू इच्छिणाऱ्यांना सांगितलं की राहण्याचं ठिकाण बदललं तर पगारही त्या ठिकाणानुसार बदलेल. हे न्याय्य आहे का, यावर वाद घालता येईल, आणि त्या वादात मी बहुधा तुमच्या बाजूनं असेन. पण वाटाघाटीच्या टेबलावर बसताना समोरचा कुठल्या मापानं मोजतोय हे माहीत नसलं तर आपलं माप कितीही बरोबर असून उपयोग नाही.

आणि कामाचा हा बाजारभाव महागाईच्या मागोमाग चालतोच असं नाही. अर्थशास्त्रज्ञ शेर्विन रोझेन यांनी १९७९ मध्ये आणि जेनिफर रोबॅक यांनी १९८२ मध्ये यामागची रीत उलगडली. शहर महाग होतं ते साधारण दोन कारणांनी. एक, तिथे कंपन्यांना जास्त कमाई होते: ग्राहक जवळ, जाणती माणसं जवळ, धंद्याला धंदा लागून. अशा शहरात त्या जागेसाठी कंपन्याही जास्त मोजतात आणि माणसांसाठीही, म्हणजे भाडं आणि पगार दोन्ही वर जातात. दुसरं, तिथे माणसांना राहायलाच आवडतं: हवा चांगली, समुद्र, शाळा, सुरक्षितता, मोकळेपणा. तिथे भाडं चढतं पण पगार मागे राहतात, कारण थोडा कमी पगार घेऊनही यायला लोक तयार असतात. बहुतेक शहरं दोन्हींची भेसळ असतात, पण प्रमाण वेगवेगळं.

म्हणून मी लेखात ‘अपेक्षा निर्देशांकावर बेतू नका’ म्हटलं होतं. पहिल्या प्रकारच्या शहरात निर्देशांकाहून जास्तही मागता येतं, आणि ६० वर अडून बसलात तर स्वतःचंच नुकसान करून घ्याल. दुसऱ्या प्रकारच्या शहरात ६० कुणीच देणार नाही. तिथे प्रश्न असा की त्या हवेची, त्या शाळेची तुम्हाला स्वतःला काही किंमत आहे का. नसेल, तर ज्या गोष्टी तुम्ही वापरणारच नाही त्यांचं भाडं भरू नका. ऑफर नाकारा. हा सल्ला कंपनीच्या सोयीचा आहे असं मला वाटत नाही.

भाडं पगाराच्या ३० टक्क्यांच्या वर जाता कामा नये, असा नियमही तुम्ही सांगितलात. तो आकडा अमेरिकेतल्या सरकारी घरांच्या भाड्यावरून आलाय. १९६९ मध्ये गरीब भाडेकरूंसाठी मर्यादा घातली गेली ती उत्पन्नाच्या २५ टक्क्यांची. १९८१ मध्ये ती ३० झाली. तिथून तो सगळ्यांच्या तोंडी बसला. वरच्या पहिल्या घराचं भाडं नव्या शहरात पगाराच्या जवळजवळ ४३ टक्के होतं, म्हणजे नियम पार मोडतो. तरी भाडं देऊन हातात ८४ उरतात, पूर्वी ७५ उरायचे, आणि वाढलेला रोजचा खर्च त्यातून भागतो. भाड्याची टक्केवारी पाहण्यापेक्षा भाडं देऊन काय उरतं ते पाहा. बचतीचंही तसंच: टक्का घसरला तरी रक्कम तीच राहिली तर काही बिघडत नाही, विशेषतः पुढेमागे परत फिरायचा विचार असेल तर.

कराचा मुद्दा तुम्ही काढला नाहीत, पण तो तुमच्या बाजूचा आहे म्हणून मीच सांगते. वरचं सगळं गणित हातात येणाऱ्या पगाराचं. वाढीव पैशावर कराचा दर सहसा वरचा लागतो. हातात १०० यायला १२५ पगार लागत असेल, आणि वाढीवर ३० टक्के कर कापला जात असेल, तर हातात साडेशेहेचाळीस जास्त यायला पगारात सुमारे ६६ ची भर लागते. म्हणजे कागदावरची वाढ ५३ टक्के. ऑफरमधली ३० टक्के वाढ कागदावरची आहे की हातातली, हे तुम्ही लिहिलं नाहीत. हातातली असली तरी माझ्या पहिल्या घराला ती पुरत नाही, कागदावरची असेल तर आणखीच कमी पडते.

हो, तेव्हा तुमची ऑफर कमी आहे, असं मलाही वाटतं. पण एचआरला लिहिताना इंडेक्सचा दुवा जोडू नका. त्या शहरात तुमच्या कामाला काय मिळतं ते तिथल्या दोन-तीन लोकांना विचारा. नोकरी सोडून गेलेला कुणी सापडला तर उत्तम, तो मोकळेपणानं बोलतो. मूळ पगार हलत नसेल तर डिपॉझिट, सामान हलवणं, पहिल्या महिन्याचं राहणं हे वेगळं मागा. एकरकमी पैसे द्यायला कंपन्या लवकर तयार होतात, कारण पुढची प्रत्येक वाढ मूळ पगारावर मोजली जाते, या पैशांवर नाही. याच कारणानं ते पगाराची जागा घेऊ शकत नाहीत. आणि वर्ष-दोन वर्षांत नोकरी सोडली तर ते परत करावे लागतात का, हे लेखी घ्या.

घरात दुसरं कुणी कमावतं असेल तर त्यांची नोकरी तिथे किती महिन्यांत लागेल, याचा अंदाजही याच हिशेबात घाला. माझ्या पहिल्या लेखात हेही राहून गेलं होतं, आणि या एका ओळीनं वरची सगळी बेरीज उलटी होऊ शकते.

‘त्यापेक्षा कमीत भागतं’ हे वाक्य मी मूळ लेखात खोडून ठेवलंय, पुसलेलं नाही. त्याखाली दुसऱ्या घराचं गणित जोडलंय. तुमचे स्वतःचे पाच आकडे गुरुवारपर्यंत पाठवलेत, अगदी नाव न देता, तर बसून बेरीज करू. शुक्रवारी काय उत्तर दिलंत तेही कळवा.