चाळीस केबीच्या गेमला ओटीपी कशाला लागतो?

गेले काही दिवस कोल्हापुरातल्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर एक मेसेज फिरतोय. पेठेतल्या तालमीच्या ग्रुपवर आला, तिथून भावकीच्या ग्रुपवर गेला आणि आता बारावीतल्या भाच्याच्या फोनवर पोचलाय. त्यानं पहिल्या दोन पायऱ्या करूनही टाकल्या होत्या, म्हणून हे लिहितोय. पावसाळ्यात पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्याची पातळी ३९ फुटांच्या इशाऱ्यावर गेली, ४३च्या धोक्याला किती उरले, हे आपण याच ग्रुपांवर बघतो. त्या सवयीनं तिथं आलेली प्रत्येक गोष्ट खरी धरली जाते.

मेसेजचा मजकूर थोडक्यात असा: "लहानपणीचे १०,००० टीव्ही गेम मोबाइलवर फुकट. लिंकवरून एपीके घ्या. आधी प्ले प्रोटेक्ट बंद करा. ॲक्सेसिबिलिटी आणि एसएमएसची परवानगी द्या; बटण राखाडी दिसलं तर ॲप इन्फोमध्ये वरची तीन टिंबं दाबून 'अलाउ रिस्ट्रिक्टेड सेटिंग्ज' करा. दुसरा कुठलाही गेम घालायचा असेल तर फाइलच्या नावाच्या शेवटी डॉट एनईएस लिहा, चालतो. गेम दिसला नाही तर क्लिअर डेटा करा. ८ जीबी रॅम पाहिजे, फोन रूट केला तर उत्तम. गेम २० वर्षांपेक्षा जुने आहेत, कॉपीराइट संपलाय. वेगळं फोल्डर करायला विसरू नका."

यातली शेवटची ओळ बरोबर आहे. बाकीचं बघू. त्याआधी मेसेजमधले शब्द: एपीके म्हणजे अँड्रॉइडवर ॲप बसवायची फाइल, प्ले प्रोटेक्ट म्हणजे घातक ॲप पकडणारा गूगलचा पहारा, आणि एनईएस म्हणजे निन्टेंडोचं जुनं टीव्ही-गेमचं यंत्र; डॉट एनईएस ही त्याच्या गेमफाइलची ओळख.

परवानग्या

एम्युलेटर म्हणजे जुन्या यंत्राची नक्कल करणारं ॲप. गेम म्हणजे त्या यंत्राच्या कॅसेटमधला मजकूर, फाइल करून ठेवलेला. ॲप चालतं, गेमची फाइल नुसती वाचली जाते. गाणं वाजवणारं ॲप आणि गाण्याची फाइल यांच्यात जे नातं, तेच इथं. त्यामुळे एम्युलेटरला तुमच्याकडून एकच गोष्ट लागते: ज्या फोल्डरमध्ये गेम आहेत ते वाचायची मुभा. मायक्रोफोन फार तर निन्टेंडो डीएसच्या मोजक्या गेमना लागतो, कारण त्यात माइकमध्ये फुंकर मारावी लागते. एसएमएसची परवानगी कुठल्याच एम्युलेटरला कधीच लागत नाही. ॲक्सेसिबिलिटीही नाही.

ॲक्सेसिबिलिटी ही सोय दृष्टी अधू असलेल्यांसाठी आणि हात नीट चालत नसलेल्यांसाठी आहे. ती ज्या ॲपला मिळते, त्याला स्क्रीनवरचा मजकूर वाचता येतो आणि तुमच्या वतीनं बटणं दाबता येतात. तिच्या जोडीला एसएमएस वाचायची मुभा दिली, की बँकेचं ॲप उघडणं, पैसे पाठवणं आणि आलेला ओटीपी वाचून भरणं हे सगळं तुमचा हात न लागता होऊ शकतं. सुपर मारिओ ब्रदर्सची मूळ फाइल सुमारे ४० केबीची आहे. ४० केबीच्या फाइलला तुमचा ओटीपी कशाला लागतो, एवढाच प्रश्न मेसेज पुढं ढकलण्याआधी कुणीतरी विचारायला हवा होता.

राखाडी बटणाचं तर मला सगळ्यात जास्त वाईट वाटलं. प्ले स्टोअरबाहेरून आलेल्या ॲपांना ही परवानगी सहज मिळू नये म्हणून अँड्रॉइड १३पासून फोन स्वतःच ते बटण अडवतो. मेसेज लिहिणाऱ्याला हे नेमकं माहीत आहे, म्हणूनच तीन टिंबांची वाट सांगितलीय. घराचं कुलूप घरातल्या पोराकडूनच उघडून घेण्याचा हा प्रकार आहे.

कुणी हे करून बसलं असेल तर आधी इंटरनेट बंद करा, मोबाइल डेटा आणि वायफाय दोन्ही. मग सेटिंगमधल्या ॲक्सेसिबिलिटीत जाऊन त्या ॲपचं बटण बंद करा. 'डिव्हाइस ॲडमिन ॲप्स'च्या यादीत ते आहे का बघून तिथूनही काढा, त्यानंतर अनइन्स्टॉल करा. काढताना स्क्रीन आपोआप मागं जात असेल तर फोन सेफ मोडमध्ये चालू करा: बऱ्याच फोनमध्ये पॉवर मेनूतलं 'पॉवर ऑफ' बोट दाबून धरलं की विचारतो. पिन आणि पासवर्ड बदलायचे ते दुसऱ्या, स्वच्छ फोनवरून. खात्यात गडबड दिसली तर बँकेला आणि १९३० या क्रमांकाला लगेच फोन करा. पहिल्या काही तासांत कळवलं तर पुढं गेलेले पैसे अडवता येण्याची शक्यता जास्त असते. त्यानंतर जिल्ह्याच्या सायबर पोलीस ठाण्यात तक्रार द्या. फोटो आणि नंबर बाजूला काढून फोन पूर्ण रीसेट केलेला बरा. सगळं झाल्यावर प्ले स्टोअरमध्ये वरच्या आपल्या चित्रावर दाबून प्ले प्रोटेक्ट परत चालू करा.

अर्धसत्य इथं एक आहे, तेही सांगतो. प्ले स्टोअरबाहेरचं प्रत्येक एपीके वाईट नसतं. रेट्रोआर्च या एम्युलेटर-ॲपची पूर्ण आवृत्ती त्यांच्या स्वतःच्या साइटवरच मिळते, कारण प्ले स्टोअरवरच्या आवृत्तीत सगळे कोअर, म्हणजे एकेका यंत्राची नक्कल करणारे भाग, बसत नाहीत. पण ते एपीके घेतानाही ना प्ले प्रोटेक्ट बंद करावं लागतं, ना एसएमएस वाचू द्यावे लागतात. आयफोनवाल्यांना तर बाहेर जायची गरजच नाही. एप्रिल २०२४मध्ये ॲपलनं एम्युलेटरना परवानगी दिली आणि डेल्टा नावाचं एम्युलेटर त्याच महिन्यात ॲप स्टोअरवर आलं.

"शेवटी डॉट एनईएस लिहा, कुठलाही गेम चालतो"

नाही चालत. तांदळाच्या पोत्यावर 'गहू' लिहून गिरणीत पाठवलं म्हणून गव्हाचं पीठ येत नाही.

एनईएसच्या खऱ्या फाइलीला सुरुवातीला १६ बाइटचं शीर्षक असतं. त्यातली पहिली तीन बाइट 'एन', 'ई', 'एस' ही अक्षरं असतात आणि चौथी बाइट २६. पुढच्या बाइटांत प्रोग्रॅम किती, चित्रं किती आणि कॅसेटमध्ये कुठल्या प्रकारची चिप होती हे लिहिलेलं असतं. एम्युलेटर हे वाचतो, फाइलचं नाव नाही. ती चार बाइट सापडली नाहीत की 'फेल्ड टू लोड कंटेंट' असा संदेश येतो. ही बाइट कुणी बळंच चिकटवली तरी पुढचा मजकूर त्या यंत्राचा नसतो. एनईएसमध्ये ६५०२ जातीचा प्रोसेसर होता, गेमबॉय ॲडव्हान्समध्ये एआरएम, पहिल्या प्लेस्टेशनमध्ये मिप्स. तिघांची यंत्रभाषा तीन तऱ्हांची, एकाला दुसऱ्याचं काही कळत नाही.

नाव बदलल्यानं उलट चालू गेम बंद पडतात. प्लेस्टेशनचा गेम बहुधा दोन फाइलींत असतो, क्यू आणि बिन. क्यू ही साधी मजकुराची फाइल असते आणि तिच्यात बिनचं नाव अक्षर न् अक्षर लिहिलेलं असतं. तुम्ही बिनचं नाव बदललं की क्यूला ती सापडत नाही, काळी स्क्रीन येते. दोन-तीन डिस्कचा गेम असेल तर एम३यू नावाची मजकूर-फाइल करून तिच्यात एका ओळीवर एका डिस्कच्या क्यूचं नाव लिहायचं आणि गेम त्या फाइलीवरून सुरू करायचा. म्हणजे डिस्क बदलताना अडत नाही.

नाव बदलून चालणारा एक अपवाद आहे, आणि बहुतेक त्यावरूनच ही अफवा उठली असावी. सेगा मेगा ड्राइव्हची बिन फाइल आणि एमडी फाइल आतून एकच असते, त्यामुळे तिथं नाव बदललेलं चालून जातं. त्याच यंत्राची एसएमडी मात्र वेगळ्या रचनेत असते. तिचं नाव बदलून भागत नाही, ती रूपांतरित करावी लागते.

डाउनलोड झालेली वस्तू गेम आहे की नाही हे ओळखायची साधी खूण: दाबल्यावर 'इन्स्टॉल करायचं का?' असं फोननं विचारलं, तर ती गेमची फाइल नाही. शिवाय आकार बघा. एनईएसचे बहुतेक गेम ४० ते ५१२ केबी, गेमबॉय ॲडव्हान्सचे जास्तीत जास्त ३२ एमबी, प्लेस्टेशनची एक सीडी साधारण ७०० एमबीपर्यंत.

'१०,०००' या आकड्याबद्दलही एवढंच. अमेरिकेत एनईएसचे अधिकृत गेम सुमारे ७०० निघाले. आपल्याकडच्या पिवळ्या कॅसेटवर '९९९९ इन १' छापलेलं असायचं आणि आत मोजकेच गेम, तेच पुन्हा वेगळ्या लेव्हलपासून सुरू होणारे. ज्यांनी त्या कॅसेटी खेळल्यात त्यांनी तरी या आकड्याला भुलू नये.

"गेम दिसला नाही तर क्लिअर डेटा"

हे केलंत की गेम दिसणार नाहीच, वर सेटिंग आणि बऱ्याचदा जुने सेव्हही जातील. अनइन्स्टॉल केल्यावरही अँड्रॉइडच्या डेटा फोल्डरमधला त्या ॲपचा भाग पुसला जातो.

गेम न दिसण्याची कारणं वेगळी असतात. रेट्रोआर्चचा 'स्कॅन डिरेक्टरी' हा पर्याय प्रत्येक फाइल आपल्या यादीशी ताडून बघतो. भाषांतर केलेला, बदल केलेला किंवा नवा हौशी गेम त्या यादीत नसतो, म्हणून तो गाळला जातो. गेम बिघडलेला नसतो. तेव्हा 'इम्पोर्ट कंटेंट'मधलं 'मॅन्युअल स्कॅन' घ्या: फोल्डर निवडा, 'सिस्टीम नेम'मध्ये यंत्र निवडा, 'डिफॉल्ट कोअर' ठरवा आणि 'स्टार्ट स्कॅन' दाबा. सगळ्या फाइली नावानिशी यादीत येतात. त्याआधी 'लोड कोअर'मधून कोअर घेतलेला हवा. एनईएससाठी एफसीईयूएमएम किंवा नेस्टोपिया, गेमबॉय ॲडव्हान्ससाठी एमजीबीए.

वेगळ्या फोल्डरची ओळ बरोबर म्हणालो ती याचसाठी. अँड्रॉइड ११पासून एका ॲपला दुसऱ्याच्या खासगी फोल्डरमध्ये डोकावता येत नाही. मुख्य स्टोरेजवर 'गेम्स' नावाचं फोल्डर, त्यात यंत्रागणिक एकेक फोल्डर, आणि ॲपनं विचारल्यावर तेच दाखवायचं.

सेव्ह दोन तऱ्हेचे असतात हेही इथंच सांगतो, कारण त्यात पोरांचे महिन्यांचे खेळ बुडतात. गेमनं स्वतः केलेला सेव्ह एसआरएम फाइलीत जातो आणि तो दुसऱ्या एम्युलेटरमध्येही बहुधा चालतो. 'सेव्ह स्टेट' हा त्या क्षणाचा साचा असतो, तो कोअर बदलला किंवा नवी आवृत्ती आली की उघडेलच असं नाही. रिसेंट ॲप्समधून वर सरकवून ॲप मारलं तर एसआरएम लिहायचं राहून जाऊ शकतं. सेटिंग, सेव्हिंग, 'सेव्हरॅम ऑटोसेव्ह इंटर्व्हल' इथं १० सेकंद ठेवा आणि सेव्हचं फोल्डर 'गेम्स'मध्येच वळवा. मग ॲप काढलं तरी सेव्ह राहतात.

"२० वर्षं झाली, कॉपीराइट संपला"

आपला कॉपीराइट कायदा १९५७चा आहे. त्याच्या व्याख्येत संगणक प्रोग्रॅम 'साहित्यकृती'त धरलाय, कलम २(ओ). मुदत कलम २२प्रमाणे लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षं, आणि लेखक अज्ञात असेल तर कलम २३प्रमाणे प्रकाशनापासून ६०. म्हणजे सगळ्यात कमी धरलं तरी १९८५चा सुपर मारिओ ब्रदर्स २०४५ संपेपर्यंत सुटत नाही. २० वर्षांचा नियम या कायद्यात कुठंच नाही. बेकायदा प्रत आहे हे माहीत असून ती संगणकावर वापरण्यासाठी कलम ६३बी आहे: ७ दिवस ते ३ वर्षं कैद आणि ५०,००० ते २ लाख दंड. धंद्यासाठी वापर नसेल तर न्यायालय कैद टाळून ५०,०००पर्यंतच्या दंडावर भागवू शकतं. घाबरवायला सांगत नाही, पण 'संपलाय' म्हणणं साफ खोटं आहे.

एम्युलेटर बाळगणं हा गुन्हा नाही. कलम ५२(१)(एए) कायदेशीर प्रत हाती असलेल्याला तिचा बॅकअप घ्यायची मुभाही देतं. मात्र ती मुभा अस्सल कॅसेटवाल्यांना. आपल्याकडच्या पिवळ्या कॅसेटी बहुतेक मुळातच नकली होत्या, त्यांच्या जोरावर हे कलम लावता येत नाही.

ज्यांना नुसतं खेळायचंय त्यांच्यासाठी बिनघोर वाट आहे. रेट्रोआर्चच्या 'ऑनलाइन अपडेटर'मधल्या 'कंटेंट डाउनलोडर'मध्ये मोफत वाटायला परवानगी असलेले गेम आहेत, केव्ह स्टोरी त्यातलाच. एनईएससाठी 'नोव्हा द स्क्विरल' फुकट आहे. २०१९चा 'मायक्रो मेजेस' विकत मिळतो आणि त्याची फाइल जुन्या मारिओएवढीच, ४० केबीची. भाच्याच्या फोनवर आता हेच घातलेत.

रॅम आणि रूट

एनईएसला २ केबी रॅम होती, प्रोसेसर १.७९ मेगाहर्ट्झचा. आजच्या कुठल्याही स्वस्त फोनला हे जड नाही. प्लेस्टेशन २सारख्या यंत्रांची नक्कल मात्र फोन तापवते आणि तिथं चांगला प्रोसेसर लागतो, हे खरं. बटण दाबल्यावर उडी उशिरा दिसत असेल तर बॅटरी सेव्हर बंद करून बघा. आवाज मागं पडत असेल तर ब्लूटूथ हेडफोन काढा. फोन रूट करणं म्हणजे त्याची आतली कुलपं काढून पूर्ण ताबा घेणं. ते करू नका. एम्युलेटरला त्याचा काडीचा उपयोग नाही आणि बँकेची बरीच ॲप रूट केलेल्या फोनवर उघडतच नाहीत.

ज्यांनी हा मेसेज पुढं पाठवलाय त्यांना साधारण अडीच दिवसांच्या आत तो 'डिलीट फॉर एव्हरीवन' करता येतो. त्यानंतर ग्रुपच्या ॲडमिनला सांगा, त्याला दुसऱ्याचा मेसेजही काढता येतो. आणि काढल्यावर त्याच ग्रुपवर एक ओळ टाका की कुणी लिंक उघडली असेल तर आधी इंटरनेट बंद करा.