खुलासा : ली जंग-उन यांना ‘पॅरासाइट’ने शोधून काढलं नाही

‘पॅरासाइट’ या कोरियन चित्रपटातल्या मोलकरणीचा, म्हणजे अभिनेत्री ली जंग-उन यांचा, फोटो टाकून सध्या एक मजकूर फिरतोय : या बाईंना पहिलं काम या चित्रपटात मिळालं, त्यासाठी ऑस्कर मिळालं आणि मग कोरियन मालिकांची दारं उघडली. वाचायला छान, पण खोटं.

ली जंग-उन १९९१पासून रंगभूमीवर होत्या. २०१५च्या ‘ओ माय घोस्ट’ मालिकेतली भगतीण त्याच. २०१८च्या ‘मिस्टर सनशाइन’मधली नायिकेची दाई आठवतेय? त्याही ह्याच. आणि २०१७च्या ‘ओक्जा’ चित्रपटातल्या अवाढव्य डुकराला आवाजही यांचाच! (चेहराच दिसत नाही म्हटल्यावर ओळखणार तरी कोण?)

तारखाच पाहा. ‘द लाइट इन युअर आइज’ मालिकेतल्या आईच्या भूमिकेसाठी त्यांना बेकसांग हा दक्षिण कोरियातला चित्रपट-मालिकांचा पुरस्कार मिळाला १ मे २०१९ला. ‘पॅरासाइट’ फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात पहिल्यांदा दाखवला गेला त्याच महिन्याच्या २१ तारखेला.

‘पॅरासाइट’ची चारही ऑस्करं चित्रपट, दिग्दर्शन, पटकथा आणि आंतरराष्ट्रीय चित्रपटासाठी होती, अभिनयासाठी एकही नाही. सहायक अभिनेत्रीचं ऑस्कर २०२१मध्ये ‘मिनारी’ चित्रपटासाठी यून यो-जंग या दुसऱ्या कोरियन अभिनेत्रीला मिळालं. बहुधा तिथेच गफलत झाली असावी.