अडीच सेकंदांचा गोंगाट: एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. पब्लिक एनिमी या अमेरिकन हिप-हॉप गटाच्या 1988 च्या ‘इट टेक्स अ नेशन ऑफ मिलियन्स टु होल्ड अस बॅक’ या अल्बमवरचा लेख तुम्ही बारकाईने वाचलात, हे तुमच्या आक्षेपांवरून कळतं. तुमचं म्हणणं असं: हा सगळा दुसऱ्यांच्या रेकॉर्डमधून उचललेला माल आहे, त्यातला गोंगाट म्हणजे संगीत न येण्याची कबुली आहे, आणि ज्यूद्वेषाचा मुद्दा लेखात एका ओळीत उरकला आहे. शेवटचा आक्षेप मान्य. तिथूनच सुरुवात करतो.

फक्त कालक्रम सरळ करायला हवा. तुम्ही ज्या मुलाखतीचा दाखला दिलात, ती या अल्बमच्या वेळची नाही आणि त्याच्या आधीचीही नाही. गटातल्या प्रोफेसर ग्रिफने ‘वॉशिंग्टन टाइम्स’ला ती मे 1989 मध्ये दिली आणि जगातल्या बहुतेक दुष्टपणाचं खापर ज्यूंवर फोडलं. जूनमध्ये गटाचा मुख्य रॅपर चक डीने त्याला काढल्याचं जाहीर केलं, मग गटच थांबवल्याची घोषणा झाली, आणि ऑगस्टमध्ये ग्रिफ वेगळं पद घेऊन परत आला. ही धरसोड मूळ विधानाइतकीच लाजिरवाणी होती. पुढे 1990 च्या ‘वेलकम टु द टेररडोम’मध्ये चक डीने याच प्रकरणावर लिहिताना ‘तथाकथित निवडलेले’ असा टोमणा (ज्यूंना देवाने निवडलेले लोक म्हणतात, त्यावरून) मारला आणि स्वतःला येशूच्या जागी बसवलं. त्या ओळीची सफाई देता येत नाही.

पण 1988 चा अल्बमही धुतल्या तांदळासारखा नाही. ‘ब्रिंग द नॉइज’मध्ये ‘नेशन ऑफ इस्लाम’ या कृष्णवर्णीय संघटनेचा नेता लुईस फराखान याचा उघड गौरव आहे, आणि फराखानची ज्यूंबद्दलची भाषा तेव्हा कुणाला ठाऊक नव्हती असं नाही. लेखात हे यायला हवं होतं. ‘शी वॉच चॅनेल झीरो’ हे गाणं तर टीव्ही बघणाऱ्या बाईला झोडपण्यापलीकडे जात नाही. माझ्या मते अल्बममधलं सर्वांत पोकळ.

आता गोंगाट. इथे मात्र मी तुमच्याशी सहमत नाही.

हँक शॉकली, एरिक सॅडलर आणि त्यांच्या ‘बॉम्ब स्क्वॉड’च्या, म्हणजे अल्बमचं संगीत रचणाऱ्या चमूच्या, हातात जी यंत्रं होती, त्यातलं एक ई-म्यू एसपी-1200: रेकॉर्डमधले तुकडे (सॅम्पल) भरून घेऊन पुन्हा वाजवणारं यंत्र. बारा बिट, सॅम्पलिंगचा वेग सुमारे 26 किलोहर्ट्झ, एकूण स्मृती जेमतेम दहा सेकंद, आणि एका तुकड्याला जास्तीत जास्त अडीच सेकंद. एवढ्या जागेत गाणं मावत नाही. त्यामुळे त्या काळी बरेच जण एक युक्ती करत: मिनिटाला 33 फेऱ्यांची रेकॉर्ड 45 वर वाजवून भरून घ्यायची आणि यंत्रात स्वर परत खाली ओढायचा. वेग 1.35 पट होतो, म्हणजे अडीच सेकंदांत जवळपास 3.4 सेकंदांचा ऐवज बसतो. किंमत मोजावी लागते ती आवाजात. मुळात 13 किलोहर्ट्झच्या वरचं काही येत नाही. पाचेक अर्धस्वर खाली आणल्यावर खरा आवाज साडेनऊच्या आसपास संपतो, आणि त्याच्यावर यंत्राने स्वतःच तयार केलेली धातूसारखी खरखर चढते. तुम्हाला जो ‘खराब दर्जा’ वाटला तो बराचसा हाच.

करून पाहायचं असेल तर एक चूक टाळा. आजच्या सॉफ्टवेअरमध्ये स्वर न बदलता वेग बदलण्याची सोय असते, ती वापरली की सगळं गुळगुळीत होतं आणि हाती काहीच लागत नाही. वेग आणि स्वर दोन्ही एकदम चढू द्या, एकदम उतरू द्या. मग असे चार-पाच तुकडे एकावर एक ठेवा. पहिली अडचण खालच्या पट्टीत येते: प्रत्येक तुकड्याबरोबर त्याचा बेस येतो आणि चिखल होतो. एकाचाच बेस ठेवून बाकीच्यांचा छाटावा लागतो. दुसरी अडचण सुरांची, कारण तुकडे वेगवेगळ्या पट्ट्यांतले असतात. ‘रेबेल विदाउट अ पॉज’मधली किंकाळी आठवा. ती जेबीज या बँडच्या 1970 च्या ‘द ग्रंट’मधली सॅक्सोफोनची घसरत जाणारी मींड आहे. घसरणारा स्वर कुठल्याच पट्टीत ठाम बसत नाही, म्हणून तो कशावरही ठेवला तरी चालतो आणि कानाला सतत टोचतो. ही निवड कान तयार असल्याशिवाय होत नाही. पोलिसांच्या सायरनची आठवण करून देणारा आवाज पूर्ण गाणंभर चालू ठेवणं, हे या अल्बमचं राजकारणच आहे. शब्द त्यानंतर येतात.

उरला ‘चोरी’चा मुद्दा. डिसेंबर 1991 मध्ये न्यूयॉर्कच्या न्यायालयाने विनापरवाना सॅम्पल वापरल्याबद्दल रॅपर बिझ मार्कीविरुद्ध निकाल दिला आणि असं सॅम्पल अंगलट येऊ लागलं. आज प्रत्येक तुकड्याचे दोन परवाने लागतात: ध्वनिमुद्रणाचा कंपनीकडून, रचनेचा प्रकाशकाकडून. रचनेच्या मालकांनी प्रत्येकी 25 टक्के हिस्सा मागितला, तर चार तुकड्यांतच गाणं संपलं. पाचव्याला द्यायला काही शिल्लक नाही आणि स्वतःच्या शब्दांनाही नाही. म्हणून आता एकच मोठा तुकडा घेऊन तो फिरवत ठेवणं परवडतं, वीस बारीक तुकडे विणणं परवडत नाही. तुम्हाला ज्याची चीड आहे ती सरळसोट उचलेगिरी या नियमांत टिकली, कारागिरी मेली.

आणि मूळ कलाकाराच्या हक्काचं म्हणाल, तर ‘रेबेल विदाउट अ पॉज’खालचा ‘फंकी ड्रमर’ या गाण्यातला ठेका ड्रमर क्लाइड स्टबलफील्डने वाजवला होता. रचना जेम्स ब्राउनच्या नावावर आहे. सगळे परवाने रीतसर घेतले असते, तरी रचनेच्या हिश्श्यातला एक पैसाही स्टबलफील्डकडे गेला नसता.