बिनशिट्टीचा कुकर

आपल्या स्वयंपाकघरात वेळ मिनिटांत मोजत नाहीत, शिट्ट्यांत मोजतात. डाळीला तीन, राजम्याला सहा, गावरान कोंबडीला ‘बघू’. विजेवर मंद धगीत तासन्‌तास शिजवणाऱ्या स्लो कुकरला शिट्टीच नाही. झाकण थडथडत नाही, वाफ फुसफुसत नाही, पोटात काही शिजतंय याचा कसलाही पुरावा तो देत नाही. एक लाल दिवा लागतो आणि पुढचे पाच तास तो दिवा आणि घरातली माणसं एकमेकांकडे संशयाने बघत बसतात.

अशा भांड्यात संत्र्याच्या रसातलं चिकन करायचं म्हणजे सत्त्वपरीक्षा. पाककृती सोपी आहे. अवघड आहे ते हाताची घडी घालून बसणं. ‘ढवळाढवळ’ हा शब्द राजकारणाने स्वयंपाकघरातून उसना नेला असणार, याबद्दल मला तरी शंका नाही.

खरं तर ही कल्पना आपल्याला नवी वाटायला नको. चुलीला वैल असे. मुख्य जाळावर भाकरी चालायची आणि वैलावर उरलेल्या धगीने आमटी नाहीतर दूध आपलं आपण होत राहायचं. स्लो कुकर म्हणजे विजेचा वैल. अमेरिकेत आयर्विंग नॅक्सन यांना त्याचं पेटंट १९४० मध्ये मिळालं. मुळात होती ज्यू घरांतली चोलंट नावाची शिजवण: शब्बाथला, म्हणजे शनिवारच्या विसाव्याच्या दिवशी, चूल पेटवायची नाही, म्हणून शुक्रवारी दिवस मावळायच्या आत भांडं बेकरीच्या निवत्या भट्टीत सारायचं. (कोकणात ज्यांना शनिवार तेली म्हणत त्या बेने इस्रायली ज्यू मंडळींचा तेलाचा घाणाही याच कारणाने शनिवारी बंद असे.) १९७१ मध्ये हेच यंत्र ‘क्रॉक-पॉट’ म्हणून बाजारात आलं आणि अमेरिकेतल्या भाच्यांच्या बॅगांतून यथावकाश आपल्या नाशिकच्या गंगापूर रोडला पोचलं.

ती बॅग हाच पहिला धोका. तिथलं यंत्र १२० व्होल्टचं, आपल्या भिंतीत २३०. व्होल्ट दुपटीच्या जवळ गेले की वॅट चौपटीच्या जवळ जातात; २५० वॅटचा गरीब कुकर एकदम नऊशेच्या वर उसळतो आणि जळतो. मधे ५०० वॅटचा स्टेप-डाउन ट्रान्सफॉर्मर लावा, नाहीतर भाच्याचं कौतुक करून कुकर माळ्यावर ठेवा आणि इथलाच साडेतीन लिटरचा घ्या. घेताना बटणांचा, आकडे दाखवणारा घेऊ नका, फिरत्या खटक्याचा, कान पिळायचा घ्या. वीज दोन मिनिटं जाऊन आली की बरेच आकडेवाले कुकर शून्यावर येऊन गप्प बसतात. कानवाला जिथे होता तिथून पुढे चालू होतो. बिलाची काळजी नको, पाच तासांत जेमतेम एक-सव्वा युनिट.

आता संत्री. द्राक्षांच्या गावात संत्र्याला मान कमी, तरी हिवाळ्यात नागपूरचा आंबिया बहार येतो आणि पुढे फेब्रुवारी-मार्चच्या सुमाराला मृग बहार. चार संत्री घ्या, जड बघून. वजनात हलकं आणि सालीत ढिलं संत्रं आत वाळलेलं असतं. ‘बागेत विरळणी चाललीय, आंबट द्राक्षं फुकट मिळतील, तीच टाका’ असं सांगणारा एक जण प्रत्येक घरात असतो. त्या घडांवर नुकतीच फवारणी झालेली असू शकते, हे त्याला सांगा आणि दुसऱ्या कामाला लावा. मोसंबी तर अजिबात नको. मोसंबीचा रस काढून ठेवला की तासाभरात कडू होतो, हे आजारी माणसासाठी रस काढलेल्या कुणालाही ठाऊक आहे. फळात ज्या पदार्थाला चव नसते, त्याचं रसातल्या आंबटपणामुळे हळूहळू लिमोनिन होतं, आणि लिमोनिन कडू. उष्णतेने हे काम आणखी लवकर उरकतं. म्हणजे मोसंबीचा रस पाच तास शिजवणं हा काढा करायचा शास्त्रशुद्ध मार्ग आहे. संत्र्यातही हा गुण थोडा असतो, म्हणून रस ऐनवेळी काढायचा, बिया गाळून. बी भरडली गेली की संपलंच, त्यामुळे मिक्सर नको, हाताने पिळा.

साल मात्र सोलायच्या आधी किसायची. नागपुरी संत्र्याची साल इतकी सैल की सोलल्यावर ती किसणीवर नुसती लोळते. कोमट पाण्यात चोळून धुवा, किसणीच्या बारीक बाजूवर फक्त नारिंगी रंग उतरवा, पांढरं दिसलं की हात थांबवा. वास त्या रंगाच्या थरातल्या तेलात असतो, कडूपणा पांढऱ्यात. आणि तेल उडून जाणारं असतं. सुरुवातीलाच किस टाकला तर दोन तासांत घरभर संत्र्याचा घमघमाट होतो, तळमजल्यावरच्या काकू ‘मुरंबा घातलात वाटतं’ असं विचारून जातात, आणि ताटात वाढताना चिकनला फक्त चिकनचा वास उरतो. किस झाकून ठेवा, शेवटी लागेल.

चिकनवाल्यापुढे खरी कसोटी. आपण ‘मोठे’ म्हणेपर्यंत त्याचा सुरा आठ घाव घालून मोकळा झालेला असतो. पोहोचताक्षणी सांगायचं: एक किलो, फक्त लेग, बिनसालीचे, एका लेगचे दोनच, मांडी वेगळी आणि तंगडी वेगळी. करी कट या भांड्यात चालत नाही. पाच तासांत ब्रॉयलरचं मांस हाडावरून गळतं आणि बारीक हाडांच्या कपच्या रश्श्यात सुट्या फिरतात. मग जेवताना गप्पा बंद, सगळे मासा खाल्ल्यासारखे खाली मान घालून बसतात. छातीचं मांस त्याहून वाईट, त्याचा चोथा होतो. मांडीत कोलॅजन नावाचं चिवट प्रथिन असतं, ते सावकाश विरघळून मांस ओलसर ठेवतं. छातीत ते नाहीच्या बरोबर. गावरान मिळाली तर सोनं, पण तिला ‘लो’वर सात-आठ तास द्या.

गोठलेलं चिकन थेट टाकायचं नाही. ५ ते ६० अंशांच्या मधे जंतू झपाट्याने वाढतात, आणि हे भांडं मुळातच रेंगाळत तापतं. बर्फाचा गोळा टाकलात तर त्या टापूत ते तासन्‌तास घुटमळेल. निफाडकडे पारा उतरतो आणि द्राक्षवाले रात्री बागेत शेकोट्या पेटवतात, त्या दिवसांत नाशिकच्या ओट्यावरही हेच होतं. तेव्हा पहिला तासभर ‘हाय’ ठेवा, मग ‘लो’. दोन्हींचं शेवटचं तापमान जवळपास सारखंच, उकळीच्या अलीकडचं. फरक आहे तो तिथे किती लवकर पोचायचं एवढाच.

कांदा परतल्याशिवाय टाकू नका. आंबटात भाजीला घट्ट धरून ठेवणारं पेक्टिन सुटत नाही, त्यामुळे संत्र्याच्या रसात टाकलेला कच्चा कांदा पाच तासांनीही दाताखाली करकरतो. लासलगाव ज्या जिल्ह्यात आहे त्या जिल्ह्यात कांदा कच्चा राहणं, ही तोंड लपवायची गोष्ट. बटाटा आणि गाजराचंही तेच. घालायचेच तर अर्धे उकडून घाला. तर दोन मोठे कांदे उभे चिरून दोन चमचे तेलावर दहा-बारा मिनिटं, चांगले तांबूस होईपर्यंत. त्यात मोठा चमचाभर आलं-लसूण, दोन मिनिटं. कच्चा लसूण या भांड्यात शेवटपर्यंत उग्र राहतो. त्याच कढईत चिकनच्या तुकड्यांना दोन्ही बाजूंनी रंग आणा, कारण कुकरमध्ये रंग येत नाही, उकडलेला पांढुरका चेहरा येतो.

आता भांड्यात: खाली कांदा, वर चिकन, दीड चमचा मीठ, चमचाभर भरड मिरी, दोन मिरच्या उभ्या चिरून, बोटाच्या पेराएवढी दालचिनी, अर्धं चक्रीफूल, मोठा चमचाभर गूळ. खडा मसाला नेहमीच्या निम्माच, पाच तासांत तो सगळं काढून देतो. तीन संत्र्यांचा मिळून दीडशे मिली रस निघेल. त्यातला शंभर आत्ता घाला, पन्नास फ्रीजमध्ये ठेवा. चौथं संत्रं रस कमी पडला तर, नाहीतर पाहणाऱ्यांना खायला. पाणी? एक थेंबही नाही. इथे घरातलं प्रत्येक माणूस ‘करपेल, वाटीभर तरी घाल’ म्हणतं. करपत नाही. चिकन स्वतःच वाटीभर पाणी सोडतं आणि वाफेला बाहेर जायला वाट नसते. वाटी घातलीत तर पाच तासांनी सूप प्यावं लागेल.

भांडं अर्ध्याच्या वर आणि पाऊण भरण्याच्या आत असावं. झाकण लावा. ‘लो’. साडेचार ते पाच तास.

आता कसोटी सुरू. एकदा झाकण उघडलं की गेलेली उष्णता परत यायला वीस ते तीस मिनिटं लागतात. घरात पाच माणसं, प्रत्येकाने ‘नुसतं बघितलं’, की जेवण अडीच तास पुढे. काचेवर वाफ धरलेली असते, आतलं दिसत नाही, म्हणून हात शिवशिवतात. काचेवर नखाने टकटक करा. थेंब ओघळतात, खिडकी होते. तेवढ्यावर भागवा. चिकटेल म्हणून ढवळायलाही नको. धग बाजूने येते, खालून जाळ नाही. आणि तासाभराने कुणीतरी ‘गॅसवर पाच मिनिटं ठेवू या का, लवकर होईल’ म्हणेल, त्याच्यावर विशेष नजर ठेवा. आतलं भांडं मातीचं, गॅसवर तडकतं. रात्रभर फ्रीजमध्ये ठेवून सकाळी तापल्या कुकरात बसवलं तरी तडकतं.

मधेच वीज गेली आणि तुम्ही घरात असाल, तर वाट न बघता सगळं पातेल्यात ओतून गॅसवर शिजवून टाका. घरात नसाल, आणि परत आल्यावर चिकन अर्धवट शिजून किती वेळ कोमट पडलं होतं याचा पत्ता लागत नसेल, तर टाकून द्या, दिसायला कितीही छान असलं तरी. (राजमाही या भांड्यात थेट टाकू नये, आधी दहा मिनिटं खळखळून उकळल्याशिवाय त्यातलं विष जात नाही. शिट्टीवाल्या कुकरने आपल्याला याचा कधी पत्ताच लागू दिला नव्हता.)

वार पण बघून ठेवा. बुधवार, शुक्रवार, रविवार धरले, त्यातून संकष्टी, एकादशी आणि अख्खा श्रावण वजा केला, तर उरतो तो बहुधा रविवार. एक वाजता पानं घ्यायची तर साडेसातला चिकन भांड्यात हवं, आणि साडेसातला आपण मिसळीच्या रांगेत. तेव्हा हे रात्रीचंच जेवण समजा.

पाच तासांनी सगळ्यात जाड मांडीत, हाडाला न लागता, थर्मामीटर खुपसा. ७४ अंश हवेत. तुकडे अलगद काढा, रस्सा पसरट कढईत ओतून आठ-दहा मिनिटं आटवा. दाट हवा असेल तर चमचाभर कॉर्नफ्लोअर दोन चमचे गार पाण्यात कालवून लावा. गॅस बंद केल्यावरच राखून ठेवलेला रस, किस आणि दोन चमचे लिंबू घाला. आंबटात उकळलं की कॉर्नफ्लोअरचा दाटपणा सुटतो. आपल्या ताटात लिंबाची फोड डाव्या बाजूला, कच्ची, शेवटी पिळायला असते. परदेशी पाककृतीला ती जागा सापडायला बराच वेळ लागलेला दिसतो.

सोबत इगतपुरीकडचा इंद्रायणी तांदूळ, नाहीतर पाव. बाजरीची भाकरी याच्याशी बोलत नाही. पहिल्या घासानंतर कुणीतरी ‘छान आहे, पण...’ म्हणून काळ्या मसाल्याची बरणी मागेल. द्या. चिमूटभर काळा मसाला आणि संत्रं यांचं जमतं, मूठभराचं नाही.

उरलं तर मातीच्या भांड्यात ठेवू नका, ते तासन्‌तास कोमट राहतं. पसरट डब्यात काढून दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये. सकाळी रस्सा जेलीसारखा थिजलेला दिसेल. बिघडलेला नाही, मांडीतलं कोलॅजन आहे ते. मात्र गरम करायला स्लो कुकर काढू नका, त्याला तेवढी घाई जमत नाही. पातेल्यात घ्या, गॅस मोठा करा, खळखळून उकळी आणा, आणि काल ज्यांचे ज्यांचे हात शिवशिवत होते त्यांना बोलावून पळी द्या. आता हवं तेवढं ढवळा.