एसआयपी केली म्हणून गृहकर्ज बिनव्याजी होत नाही

भाच्याने पुण्यात वाकडला फ्लॅट बुक केला आणि त्याच आठवड्यात घरच्या ग्रुपवर तो मेसेज येऊन पडला. ‘गृहकर्ज बिनव्याजी करण्याची युक्ती, बँका हे तुम्हाला कधीच सांगणार नाहीत.’ हा मेसेज गेली काही वर्षं फिरतोय आणि मी तो न वाचता पुढे सरकत आले. पण परवा भाच्याचा फोन आला, “मावशी, बोनसचे पैसे कर्जात नाही भरत आता. मुदतही तीस वर्षांची करून घेतो, एसआयपी लावली की व्याज वसूलच होतंय ना.” माझी नोकरी बँकेच्या कर्ज विभागात गेली. आता गप्प बसणं मला जमणार नाही.

मेसेजमध्ये म्हटलंय ते थोडक्यात असं. ५० लाखांचं कर्ज, २० वर्षं, साडेआठ टक्के दर. व्याज जातं ५४ लाख. पहिल्या महिन्यापासून ५,५०० रुपयांची एसआयपी, म्हणजे म्युच्युअल फंडात दरमहा ठरावीक गुंतवणूक, लावा, १२ टक्क्यांनी २० वर्षांत ५५ लाख होतात, म्हणजे कर्ज फुकट पडलं. त्याच्या जोडीला आणखी चार सल्ले: मुदत मिळेल तेवढी लांब घ्या. बँक पहिल्या पाच-सात वर्षांतच सगळं व्याज काढून घेते, त्यामुळे नंतर जादा पैसे भरण्यात अर्थ नाही, वर दंडही पडतो. करसवलत मिळते म्हणून कर्ज फेडूच नका. आणि भाडं म्हणजे पाण्यात घातलेले पैसे.

गुणाकार-भागाकार बरोबर आहे, हे आधीच मान्य करते. हप्ता ४३,३९१ येतो, एकूण भरणा १ कोटी ४ लाख, त्यात व्याज ५४ लाख १४ हजार. १२ टक्के खरोखर सलग मिळाले तर ५,५०० चे ५५ लाखही होतात. चूक त्या दोन आकड्यांना एकमेकांसमोर उभं करण्यात आहे.

व्याजाचे ५४ लाख तुमच्या पगारातून आजपासून जातात आणि सुरुवातीलाच सर्वांत जास्त जातात. पहिल्या हप्त्यात ३५,४१७ रुपये व्याज आणि जेमतेम ७,९७४ रुपये मुद्दल. वर्षभरात ५ लाख २१ हजार भरले तर मुद्दल उतरतं एक लाखानेसुद्धा नाही. दहा वर्षं, ५२ लाख भरून झाल्यावर डोक्यावर अजून ३५ लाख असतात. मुद्दल निम्म्यावर यायला १३ वर्षं १० महिने लागतात. उलट एसआयपीचे ५५ लाख हातात येणार विसाव्या वर्षाच्या शेवटी. महागाई वर्षाला ६ टक्के धरली तर त्या ५५ लाखांत तेव्हा जे मिळेल ते आज साधारण १७ लाखांत मिळतं. आज द्यायचे रुपये आणि वीस वर्षांनी मिळायचे रुपये एकाच तराजूत टाकून ‘वसूल झालं’ म्हणणं हा हिशोबच नव्हे.

शिवाय ते ५५ लाख पूर्ण हातात येतही नाहीत. जुलै २०२४ पासून इक्विटी फंडाच्या, म्हणजे शेअर बाजारात पैसे लावणाऱ्या फंडाच्या, दीर्घ मुदतीच्या नफ्यावर, वर्षाला सव्वा लाख सोडून, साडेबारा टक्के कर आहे. रक्कम एकदम काढली तर पाच लाखांहून अधिक करात जातात. उरतात पन्नास लाखांच्या आत. म्हणजे मेसेजवाल्याच्या स्वतःच्या मांडणीतही ५४ लाख भरून निघत नाहीत. आणि १२ ऐवजी १० टक्केच मिळाले तर? ४२ लाख, कर जाऊन साडेअडतीसच्या आसपास. १२ टक्क्यांची हमी कोणताच इक्विटी फंड देत नाही. प्रत्येक जाहिरातीच्या शेवटी बाजारातील जोखमीचं वाक्य घाईघाईने वाचतात, ते मेसेजमधून कापलेलं आहे. जानेवारी २००८ मध्ये २१,००० च्या पुढे गेलेला सेन्सेक्स त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये ९,००० च्या खाली आला होता. मार्च २०२० मध्येही दोन महिन्यांत ४२,००० वरून २६,००० च्या खाली गेला. बाजार पुढे सावरला, पण त्या महिन्यांत ज्याची नोकरी गेली त्याला हप्त्यासाठी फंडातले युनिट पडत्या भावात विकावे लागले. बँक हप्त्यासाठी बाजार सावरायची वाट बघत नाही.

आता हेच ५,५०० रुपये दर महिन्याला हप्त्याबरोबर कर्जातच भरले तर काय होतं ते बघा. हप्ता होतो ४८,८९१. कर्ज २४० ऐवजी १८३ महिन्यांत, म्हणजे १५ वर्षं ३ महिन्यांत संपतं. व्याज ५४ लाखांवरून सव्वाएकोणचाळीस लाखांवर येतं. जवळजवळ १५ लाख वाचले, त्यावर एक पैसा कर नाही आणि बाजाराकडे डोळे लावून बसायचं नाही. उरलेल्या ५७ महिन्यांत तेच ४८,८९१ रुपये दरमहा नुसते बाजूला ठेवले तरी २७ लाख ८६ हजार होतात. सात टक्क्यांच्या रिकरिंग डिपॉझिटमध्ये टाकले तर कर धरण्याआधी ३३ लाखांच्या घरात.

यात मेसेजची एक अर्धी बाजू खरी आहे, ती नाइलाजाने का होईना, सांगायला हवी. बाजाराने वीस वर्षं खरोखर १२ टक्के दिले, तुम्ही एकही महिना एसआयपी थांबवली नाही आणि मधे मोडली नाही, तर एसआयपीवाला पुढे राहतो, आणि बराच पुढे राहतो. १० टक्के मिळाले तरी थोडा पुढे राहतो. पण ही कमाई कर्जाचा दर आणि गुंतवणुकीचा परतावा यांच्यातल्या फरकाची आहे, आणि ती जोखीम घेतल्याबद्दल मिळते. कर्जाचं व्याज त्याने एका रुपयानेही कमी होत नाही. असं सांगून कोणी एसआयपी करत असेल तर माझी हरकत नाही. ‘बिनव्याजी’ म्हणून विकत असेल तर आहे.

सर्वांत घातक मला वाटतो तो ‘बँक आधीच व्याज काढून घेते’ हा मुद्दा. भाच्याने बोनस भरायचं याच वाक्यामुळे सोडलं. माझ्या काउंटरवरही लोक हेच बोलायचे, “आता सात वर्षं झाली मॅडम, व्याज तर तुम्ही घेऊन टाकलंत.” बँक आगाऊ व्याज घेत नाही. ज्या दिवशी जेवढं मुद्दल बाकी आहे, तेवढ्यावरच व्याज लागतं. सुरुवातीला मुद्दल मोठं, म्हणून व्याज मोठं, एवढंच. त्यामुळे कोणत्याही वर्षी मुद्दल उतरवलं की पुढचं व्याज उतरतं. वरच्याच कर्जात पाच वर्षांनी ४४ लाख बाकी असताना एकदाच ५ लाख भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर ३६ हप्ते कमी होतात, व्याज सुमारे १० लाख ७० हजारांनी वाचतं. दहा वर्षांनी भरले तरी २४-२५ हप्ते जातात आणि पावणेसहा लाखांच्या आसपास व्याज वाचतं. लवकर भरलं तर जास्त फायदा, हे खरं. पण उशिरा भरून फायदाच नाही, हे धादांत खोटं. आणि दंडाचं म्हणाल तर बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी फेडीचा दंड घ्यायला रिझर्व्ह बँकेने बँकांना २०१२ सालीच मनाई केली आहे.

तीस वर्षांच्या मुदतीचा सल्लाही त्याच जातीचा. २० वर्षांचा हप्ता ४३,३९१, ३० वर्षांचा ३८,४४६. महिन्याला वाचतात पाच हजारांना थोडे कमी. व्याज मात्र ५४ लाखांवरून ८८ लाख ४० हजारांवर जातं. भाचा आज चौतीसचा आहे, म्हणजे निवृत्तीनंतरही हप्ते चालूच. हप्ता झेपतच नसेल तर मुदत लांब घ्यावी लागते, ते मी समजू शकते. झेपत असताना कोणी घेऊ नये.

शिवाय मेसेजमध्ये दर वीस वर्षं साडेआठवर स्थिर आहे. आपल्याकडे बहुतेक गृहकर्जं बदलत्या दराची आहेत आणि ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जं रेपोसारख्या (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने कर्ज देते तो दर) बाहेरच्या दराला बांधलेली असतात. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो ४ टक्क्यांवरून साडेसहावर गेला. तेव्हा सात टक्क्यांनी नुकतंच २० वर्षांसाठी ५० लाख घेतलेल्या माणसाचा हप्ता होता ३८,७६५. दर नऊवर गेला आणि हप्ता तोच ठेवला, तर तेच कर्ज फिटायला ४५८ महिने, म्हणजे ३८ वर्षं लागतात. साडेनऊवर तर महिन्याचं व्याजच ३९,५८३ होतं. हप्ता भरूनही कर्ज वाढत जातं. त्या काळात कितीतरी लोकांना आपली मुदत वाढल्याचं कळलंच नाही, कारण खात्यातून कापली जाणारी रक्कम तीच दिसत होती.

त्यावर रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढलं. गृहकर्ज असणाऱ्या प्रत्येकाने ते माहीत करून घ्यावं, म्हणून त्यात काय आहे ते सांगते. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला निवडू द्यायचं. बँकेच्या धोरणानुसार स्थिर दराकडे जाण्याचा पर्याय द्यायचा (ऑक्टोबर २०२५ पासून हा पर्याय देणं बँकेच्या मर्जीवर आहे). कधीही थोडी किंवा पूर्ण रक्कम भरू द्यायची. मुदत इतकी ताणायची नाही की हप्त्यातून व्याजही भरून निघू नये. आणि दर तिमाहीला एक पत्रक द्यायचं: आतापर्यंत मुद्दल किती वसूल झालं, व्याज किती, हप्ता किती, उरलेले हप्ते किती आणि वार्षिक दर किती. जुन्या कर्जांनाही हे लागू आहे. ते पत्रक मागा. उरलेल्या हप्त्यांचा आकडा मागच्या तिमाहीपेक्षा वाढलेला दिसला तर त्याच दिवशी शाखेत जा.

नवं कर्ज घेणाऱ्यांसाठी आणखी एक. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या कर्जांना ‘की फॅक्ट स्टेटमेंट’ देणं सक्तीचं आहे, तुम्हाला समजेल अशा भाषेत. त्यात प्रक्रिया शुल्क वगैरे धरून खरा वार्षिक दर असतो, फेडीचा पूर्ण तक्ता असतो. कर्जाबरोबर गळ्यात मारलेला एकरकमी विमाही तिथे दिसतो. विम्याचा दीड लाखाचा हप्ता कर्जातच मिळवला तर वीस वर्षांत त्याचे तीन लाखांवर होतात. तोच विमा घ्यायची सक्ती नसते. सही करण्याआधी विचारा.

करसवलत. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला जास्तीत जास्त दोन लाखांची वजावट, तीही फक्त जुन्या करप्रणालीत. सर्वांत वरच्या ३० टक्क्यांच्या टप्प्यात असलात तरी वाचतात साठ-बासष्ट हजार. पहिल्या वर्षाचं व्याज आहे ४ लाख २१ हजार. भाचा नव्या प्रणालीत आहे, त्याला शून्य.

भाड्याबद्दल एवढंच की पहिल्या वर्षी महिन्याला ३५ हजार व्याज जातं, तेही परत येत नाही. पुण्यात सात टक्के मुद्रांक शुल्क, बांधकाम सुरू असलेल्या फ्लॅटवर पाच टक्के जीएसटी, मग सोसायटीचा मेंटेनन्स. घर घेऊ नका असं मी म्हणत नाही. स्वतःचं घर हवंसं वाटणं पुरेसं कारण आहे. त्यासाठी भाडेकरूला मूर्ख ठरवायची गरज नाही.

भाच्याला मी जे सांगितलं ते इथेही सांगते. आधी सहा महिन्यांच्या खर्चाइतके पैसे बाजूला ठेव, क्रेडिट कार्ड किंवा पर्सनल लोन असेल तर ते आधी संपव, कारण त्यांचा दर गृहकर्जापेक्षा चढा असतो. मग बोनसमधला मोठा वाटा कर्जात, जमेल तेवढी एसआयपी. दर उतरले की हप्ता कमी करून घेऊ नकोस, तोच चालू ठेव. आणि जादा रक्कम भरशील तेव्हा अर्जावर स्पष्ट लिही: ‘हप्ता तोच ठेवून मुदत कमी करावी’. वरच्याच उदाहरणात पाच वर्षांनी ५ लाख भरून मुदत कमी केली तर १० लाख ७० हजार वाचतात. हप्ता कमी करून घेतला तर तो ३८,४६७ होतो आणि वाचतात जेमतेम ३ लाख ८६ हजार. काउंटरवरचा माणूस विचारेलच असं नाही, म्हणून पोच घेतल्याशिवाय निघू नकोस.